धरलेले हात

९ जानेवारी

मुख्याध्यापकांनी आज एक पाकीट दोन बोटांत धरून माझ्यापुढे केलं. "बाई, कोर्टाकडून आलंय. काय करून ठेवलंत?" अख्खी शिक्षक-खोली माना वळवून बघत होती. उघडलं तर साधी गोष्ट. ऐकू न येणाऱ्या एका विवाहितेची साक्ष नोंदवायची आहे, खुणांची भाषा जाणणारी दुभाषी हवी, आमच्या कर्णबधिर मुलांच्या शाळेने कुणाला तरी पाठवावं. कुणाला तरी म्हणजे मलाच. बाकीचे शिक्षक ही भाषा शिकून आलेत, मी तिच्यात वाढले. आईला जन्मापासून ऐकू येत नाही. बाबा दिवसभर कामावर, म्हणून मला तोंडाने बोलायला शिकवलं ते शेजारच्या काकूंनी.

घरी आल्यावर आईला सांगितलं. ती भाजी निवडत होती, हात पुसून म्हणाली, "कशाची केस?"

"सासरचा छळ. लग्नात दिलं ते पुरलं नाही म्हणून."

"तिथे सगळे एकाच वेळी बोलतात म्हणे."

"म्हणतात तसं."

"मग बरंय. तिला निम्मा त्रास कमी."

तिथलं बाहेर कुणाशी बोलायचं नसतं असं कळलं. माझ्या पोटात तर काही राहत नाही. म्हणून इथे लिहायचं ठरवलंय.

१६ जानेवारी

सरकारी वकिलांची खोली म्हणजे कपाटांच्या मध्ये उरलेली जागा. त्यांना सर्दी होती आणि घाईही होती. आधी मला नियम सांगितले. "साक्षीदार 'मी' म्हणाली की तुम्हीही 'मी' म्हणायचं. 'ती म्हणते' नाही. स्वतःचं काही घालायचं नाही, गाळायचं नाही. तुम्ही काच आहात, बाई. काचेला मत नसतं."

मला आवडलं ते. काच व्हायला मला जमेल.

मग ती आली, वडिलांबरोबर. तिशीच्या आतली, इमारतींचे नकाशे काढण्याचं काम करते. खुणांच्या भाषेत माणसाचं नाव त्याच्याकडे बघून पडतं. तिने करंगळी गालावर टेकवली: खळी. मी माझं सांगितलं, शेंडी. पन्नाशी आली, शेंडी कधीच गेली, नाव राहिलं. ती हसली तेव्हा तिचं नाव बरोबर असल्याचं दिसलं. नवऱ्याला ती घड्याळ म्हणते, सासूला चष्मा. मीही इथे हीच नावं लिहीन. खरी नावं कागदपत्रांत आहेत, तिथेच राहू देत.

वडील तसबिरींना चौकटी बसवून देतात. बाजाराच्या कोपऱ्यावर त्यांचा गाळा आहे. शेजारचं नळ-फिटिंगचं दुकान जावयाचं. दोन्हींच्या मधली भिंत पाडली की मोठं दुकान होईल, एवढीच सगळी गोष्ट. चष्मा म्हणायची, "बहिरी पदरात घेतली, कोपरा तरी द्या."

"हे ठीक," वकील नाक पुसत म्हणाले. "पण कोर्टाला नुसतं 'छळ झाला' पुरत नाही. भांडणं घरोघरी असतात. एक तर छळ असा हवा की माणसाच्या जिवाला, मनाला धोका व्हावा. नाहीतर काहीतरी उकळण्यासाठी केलेला हवा. आणि ते संशयाला जागा न ठेवता दाखवायला हवं. आपल्याकडे काठीने मारल्याचं आहे जबाबात. ते नीट सांगायचं. कुठे, कशाने."

माझे हात वर यायच्या आत खळीने त्यांचे ओठ वाचले होते. तिने मान हलवली आणि खूण केली.

"मला मारलं नाही," मी म्हटलं.

"तुमचं कोण विचारतंय?" वकील म्हणाले. मग स्वतःचाच नियम आठवून खळीकडे वळले.

वडील खाली बघत बोलले. पोलीस ठाण्यात खळीचं म्हणणं त्यांनीच सांगितलं होतं, दुसरं कुणी मिळालं नव्हतं. तिने खूण केली होती: बोलू देत नाहीत. हवालदार म्हणाला, "बोलू देत नाहीत म्हणजे? तिला बोलता कुठे येतं?" आणि मग म्हणाला, "काका, मारलं असेल तर सांगा, नाहीतर घरी जा." वडील घाबरले. मारतात म्हणाले. कशाने? काठीने म्हणाले. हवालदाराने दाखवलेल्या जागेवर खळीने सही केली. घरी जाऊन प्रत वाचली तेव्हा तिला समजलं.

"आता बदलता येणार नाही," वकील म्हणाले. "जबाबाला धरूनच बोलायचं."

खळी म्हणाली, "जबाबच बोलणार असेल तर मला कशाला बोलावता?"

मी ते जसंच्या तसं सांगितलं. वकिलांनी माझ्याकडे अशा नजरेनं पाहिलं की काच असणं वाटलं तितकं सोपं नाही हे कळलं.

२ फेब्रुवारी

पहिल्यांदा कोर्टात बसले. देवळात किंवा इस्पितळात शिरल्यावर आवाज आपोआप बसतो, तसा माझा बसला. इथे दुःखाची वाक्यं होतात. माणूस अडखळत, रडत, मागे-पुढे करत काहीतरी सांगतो, न्यायाधीश ते ऐकतात, जरा थांबतात आणि लघुलेखिकेला एक सरळ वाक्य सांगतात. ती टंकते. संपलं. आता ते वाक्य जगात आहे, त्याला ओलांडून कुणाला जाता येणार नाही. मी बाकावर सरळ होऊन बसले. शेजारचा पट्टेवाला जांभई देत होता.

आज खळीच्या वडिलांची साक्ष झाली. तिची व्हायची असल्यामुळे तिला आत बसू देत नाहीत, ती बाहेर बाकावर होती. मला काम नव्हतं, तरी थांबले.

गाळा मागितल्याचं त्यांनी चांगलं सांगितलं. मारताना पाहिलं का, यावर "नाही" म्हणाले आणि घाम पुसला. मग बचावाचे वकील उठले. उंच, गोड बोलणारे. लग्नात मुलीकडच्यांची विचारपूस करणारा एखादा मामा असतो ना, तसे.

"काका, जावई तुम्हाला कधी उलटून बोलला?"

"नाही."

"तुम्ही घरी गेलात की मुलगी-जावई एकत्र बसायचे?"

"हो. कोचावर."

"तो तिचे हात आपल्या हातात घेऊन बसायचा. खरं?"

"बसायचा."

"दर वेळी?"

"गाळ्याचं बोलणं निघालं की ती चिडायची, हातवारे करायची. मग तो तिचे हात घेऊन बसायचा. मी निघेपर्यंत."

"प्रेमानं."

"तेव्हा मला तसंच वाटायचं."

"बस, काका. देव तुमचं भलं करो."

न्यायाधीशांनी तेही वाक्य करून लिहून घेतलं. बचावाचे वकील खुशीत खाली बसले. सरकारी वकिलांनी रुमालात तोंड लपवलं. मलाही वाटलं, बाजी गेली. असा हात धरून बसणारा नवरा छळणारा आहे हे कोण मानेल? मला आमचे बाबा आठवले. आई चिडून भरभर बोलायला लागली की ते तिचे दोन्ही हात आपल्या पंजात घ्यायचे आणि "बास, बास" म्हणत हसायचे. आई गप्प व्हायची. भांडण तिथेच मिटायचं. आम्हा भावंडांना ते फार गोड वाटायचं.

१९ फेब्रुवारी

पुढची तारीख. न्यायाधीश रजेवर. सगळे परत. खळी म्हणाली, "साधा जिना काढताना मी इतक्या वेळा खोडत नाही."

३ मार्च

आज खळी साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभी राहिली. मी तिच्यासमोर, जरा तिरपी, म्हणजे तिला माझे हात दिसावेत आणि न्यायाधीशांना माझा आवाज जावा. आधी तिने शपथ घेतली, मग मी.

सुरुवातीला गोंधळ. मी म्हटलं, "लग्नानंतर माझ्या नवऱ्याने मला कामावर जाऊ दिलं." बचावाचे वकील गंभीरपणे उठले, "साहेब, कुणाच्या नवऱ्याने? दुभाषी बाईंच्या घरात शिरायची आमची इच्छा नाही." सगळे हसले. न्यायाधीशही हसले आणि म्हणाले, "आजपासून बाईंचा 'मी' म्हणजे साक्षीदार. कुणाला अडचण असेल तर बाहेर जाऊन सवय करून या."

मग तिने घर काढलं.

हे कसं लिहू? शब्दांनी घर सांगताना आपण एकेक वस्तू सांगून विसरतो. ती हवेत ठेवते. इथे दार. इथे जेवणाचं टेबल. इथे चष्म्याची खुर्ची, खिडकीला पाठ करून. इथे कोच. एकदा ठेवलेलं हलत नाही. मी आयुष्यभर आईला असं सांगताना पाहिलंय, पण ती घरगुती भाषा होती. खळी नकाशे काढणारी आहे. तिच्या हातांत मापं आहेत. थोड्या वेळाने न्यायाधीशांना एक शंका आली. त्यांनी पेन उचललं आणि पिंजऱ्यासमोरच्या रिकाम्या हवेत अगदी बरोबर जागी रोखून विचारलं, "इथे, खुर्चीपाशी उभ्या होता तुम्ही?" त्यांना स्वतःलाही ते कळलं नाही. नंतर पट्टेवाला फाइल घेऊन जाताना टेबलाला वळसा घालून गेला. खरंच गेला की मला वाटलं, देव जाणे.

"माझे वडील आले की सासू गाळ्याचं काढायची. नवरा मला कोचावर बसवायचा. मी वडिलांना 'देऊ नका' म्हणायला लागले की माझे हात धरून ठेवायचा. वडील जाईपर्यंत. मग सोडायचा."

न्यायाधीशांनी वाक्य सांगितलं: नवरा हात धरून ठेवत असे. लघुलेखिकेने टंकलं. कुणाचं विशेष लक्ष नव्हतं. माझंही नव्हतं. माझं लक्ष पुढे काय येणार याकडे होतं.

सरकारी वकिलांनी घसा साफ केला. "याशिवाय नवऱ्याने तुम्हाला काय केलं?"

तिला माहीत होतं ते काय विचारतायत. मागच्या बाकावर वडिलांना माहीत होतं. मला माहीत होतं.

"मला कुणी मारलं नाही," ती म्हणाली. मी म्हटलं. माझाच आवाज मला मोठा वाटला.

न्यायाधीशांनी मान वर केली. "पोलिसांकडच्या जबाबात काठीचं आहे."

"ते माझं नाही. माझ्या नावावर आहे. माझ्या वडिलांनी भीतीनं सांगितलं. मी तेव्हा सही केली, ही माझी चूक. आज शपथ मी घेतलीय."

बचावाचे वकील बसल्या जागी पाय लांब करून छताकडे बघायला लागले. पोरगी आपणहून त्यांचं काम करत होती. खळीच्या चेहऱ्यावर भीती नव्हती, शौर्यही नव्हतं. नकाशातली चुकीची रेघ खोडताना असेल तेवढं लक्ष होतं फक्त.

४ मार्च

सरकारी वकिलांचा शाळेत फोन. "बाई, तिने स्वतःच्या पायावर धोंडा पाडून घेतला. आता उलटतपासणीत राहिलेला पायही जाईल." मग म्हणाले, "इतकी वर्षं हे काम करतोय. कुणी मागितलं नसताना खरं सांगणारा साक्षीदार क्वचितच पाहिला." शिंकले आणि फोन ठेवला.

१७ मार्च

नीट लिहायला हवं. आज घडलं ते घडलं तसंच.

उलटतपासणी. बचावाचे वकील आज नावालाही हसले नाहीत.

"तुम्हाला ऐकू येत नाही. खरं?"

"खरं."

"मग सासूबाई गाळा मागत होत्या हे तुम्ही ऐकलेलं नाही."

"ऐकलं नाही. पाहिलं. त्यांचे ओठ मोठे हलतात. मला कळावं म्हणून त्या आणखी मोठे हलवायच्या."

चष्मा आरोपीच्या जागी बसली होती, तिने तोंडावर पदर घेतला.

"जबाबात तुम्ही काठीने मारल्याचं सांगितलंत. ते खोटं?"

"खोटं."

"म्हणजे तुमच्या सहीचा जबाब खोटा. मग आजचं खरं कशावरून?"

"आजचं खोटं सांगायचं असतं तर काठीच सांगितली असती. तेच सोपं होतं."

सरकारी वकील पहिल्यांदाच सरळ बसले.

"जबाबात हात धरल्याचा एक शब्द नाही."

"मी सांगितलं होतं, बोलू देत नाहीत. कुणी विचारलं नाही, कसं."

"बरं. हात धरले म्हणू या." त्यांनी कोर्टाकडे वळून दोन्ही तळवे उघडले. "नवऱ्याने बायकोचे हात धरले. साहेब, मीही धरतो. आपणही धरत असाल. वळ नाही, ओरखडा नाही, डॉक्टरचा कागद नाही. बाई, नवऱ्याने हात हातात घेतले तर त्यात छळ काय?"

मागे कुणीतरी फिस्सकन हसलं. न्यायाधीश म्हणाले, "उत्तर द्या."

मी प्रश्न तिच्यापर्यंत पोचवला. तिने तो पूर्ण पाहिला. मग माझ्याकडे एकदा, माफी मागितल्यासारखं, पाहिलं. कठड्यावरून पुढे वाकली आणि माझी दोन्ही मनगटं धरली.

घट्ट नाही. दुखलं नाही. तिचे तळवे गरम होते.

बचावाचे वकील म्हणाले, "उत्तर द्या, बाई."

माझे हात तिच्या हातात. मी ते तिला कसं सांगणार? ती माझ्याकडे बघतही नव्हती, न्यायाधीशांकडे बघत होती.

"दुभाषी बाई, प्रश्न सांगा साक्षीदाराला."

"सांगता येत नाही, साहेब," मी म्हटलं.

बचावाच्या वकिलांनी आवाज चढवला. "मी विचारतोय, छळ काय?" तो आवाज भिंतीवर आपटून परत आला. तिच्यापर्यंत काही गेलं नाही. लघुलेखिकेची बोटं थांबली. सरकारी वकील अर्धवट उठून तसेच राहिले. कोर्ट भरलेलं होतं, सगळी बोलून पोट भरणारी माणसं, आणि त्यांतल्या एकालाही तिला एक शब्द पोचवता येईना. तिलाही आम्हाला काही सांगता येईना. आम्ही सगळे तिथे होतो आणि मध्ये काहीच नव्हतं. पंखा फिरत होता तेवढाच. पट्टेवाल्याने माझ्या मनगटांकडे पाहिलं आणि तोंड फिरवलं.

माझं तोंड मोकळं होतं, हे मला आत्ता लिहिताना सुचतंय. मी काहीही बोलू शकले असते. तरी वाटत होतं, माझा गळाच कुणीतरी बंद केलाय.

किती वेळ गेला सांगता येणार नाही. न्यायाधीश घाई करेनात. त्यांनी चष्मा काढला, पुसला, परत लावला आणि पाहत राहिले.

मग तिने सोडलं. तिचे हात वर आले, आणि माझा आवाज परत आला. "असं," मी म्हटलं. "दर वेळी. वडील समोर बसलेले असताना."

बचावाचे वकील उसळले. "हरकत आहे! हा पुरावा नाही, हा तमाशा आहे! दुभाषी बाईंनाच साक्षीदार केलं हिने!"

न्यायाधीश त्यांच्याकडे न बघता लघुलेखिकेला सांगू लागले, सावकाश, एकेक शब्द: "प्रश्नाच्या उत्तरादाखल साक्षीदाराने दुभाष्याची दोन्ही मनगटे धरली. ती धरलेली असेपर्यंत वकिलांचा प्रश्न साक्षीदारापर्यंत पोचू शकला नाही. साक्षीदारालाही न्यायालयाला काही सांगता आले नाही." मग त्यांनी मान वर केली. "वकीलसाहेब, मी जे पाहिलं ते लिहितोय. तुम्ही काही वेगळं पाहिलं असेल तर सांगा, तेही लिहितो."

वकीलसाहेब खाली बसले.

माणसाला शब्द नसतात तेव्हा न्याय कुठून सुरू होतो हे मला माहीत नव्हतं. आज मी त्या जागी उभी होते आणि ती सुरुवात माझ्या मनगटांवर होती.

१८ मार्च

खुल्या कोर्टात घडलेलं सांगायला हरकत नसावी अशी स्वतःची समजूत घालून आईला सगळं सांगितलं. दाखवायला म्हणून तिचीही मनगटं धरायला गेले. तिने इतक्या झटक्यात हात मागे घेतले की पेला लवंडला. मी हसले. ती हसली नाही. पाणी पुसलं, मग उठून घासलेलीच भांडी परत घासत बसली. वय झालंय. हल्ली लवकर दचकते.

झोपायच्या आधी माझ्या खोलीच्या दारात आली. "त्या पोरीला सांग," म्हणाली. पुढे काय सांगायचं ते तिलाच सुचेना. थोडी उभी राहिली आणि गेली. काच असल्यामुळे मला तसंही काही सांगता आलं नसतं.

२८ एप्रिल

दोन्ही बाजूंचे युक्तिवाद. आता खळीला आत बसता येतं. मी तिच्यासमोर स्टूल घेऊन बसले आणि जे बोललं जाईल ते सांगत राहिले.

बचावाच्या वकिलांनी चांगली बाजू मांडली, खोटं का बोला. खोटा जबाब, मागाहून सुचलेली हकीकत, एकही स्वतंत्र साक्षीदार नाही. "हात धरण्याचं या बाईंशिवाय कुणी सांगितलंय का?"

सरकारी वकील उठले. आज सर्दी नव्हती. "सांगितलंय," ते म्हणाले. "माझ्या विद्वान मित्रांनी स्वतः विचारून घेतलंय." आणि त्यांनी वडिलांची उलटतपासणी वाचायला घेतली. गाळ्याचं बोलणं निघालं की. ती हातवारे करायची. मग तो तिचे हात घेऊन बसायचा. दर वेळी. मी निघेपर्यंत.

तीच वाक्यं. मी तिथे बसून ऐकली होती आणि बाजी गेली म्हणून घरी आले होते. एकही शब्द बदलला नव्हता. आज ती वाचली जात असताना कोच दिसला, चष्म्याची खुर्ची दिसली, त्या घरात हसतमुखाने बसलेले सगळे दिसले.

"हातवारे म्हणे," सरकारी वकील म्हणाले. "साहेब, ते तिचं बोलणं होतं. ती 'नको' म्हणत होती. मागणी कधी व्हायची, हात कधी धरले जायचे आणि कधी सुटायचे, तिन्ही गोष्टी वडिलांच्या तोंडून बचावानेच आणल्यात. वडिलांनी पाहिलं, फक्त त्यांना कळलं नाही. वळ उठत नाही म्हणून तर ही पद्धत निवडली."

बचावाच्या वकिलांनी आपली फाइल उघडली, चाळली आणि बंद केली.

खळीला हे माहीत नव्हतं, त्या दिवशी ती बाहेर होती. तिने माझे हात संपेपर्यंत पाहिले आणि मग मागे वळली. वडील दोन बाकं सोडून बसले होते.

"तुम्हाला दिसत होतं?" तिने विचारलं.

त्यांना खुणा थोड्याच येतात. तेवढ्यातच त्यांनी सांगितलं. "दिसत होतं. समजत नव्हतं."

ती त्यांच्याकडे बघत राहिली. मग उठून त्यांच्या शेजारी जाऊन बसली. मी स्टूल उचललं आणि तिच्यामागे गेले. युक्तिवाद चालूच होते.

१२ मे

निकाल.

न्यायाधीशांनी वाचलं, मी सांगत गेले. मोठा होता, माझे खांदे भरून आले. मारहाण झाली नाही, असं त्यांनी आधीच म्हटलं, आणि आरोपींकडची माणसं एकमेकांना कोपराने ढोसू लागली. मग ते म्हणाले, ती झाली नाही हे न्यायालयाला साक्षीदारानेच सांगितलं. स्वतःचं नुकसान करून जी व्यक्ती खोटं काढून टाकते, तिच्या उरलेल्या शब्दांवर विश्वास ठेवायला हे न्यायालय कचरत नाही. बोलण्याचं एकमेव साधन मागणी पुरी करून घेण्यासाठी वारंवार बंद करणं, हा छळ आहे. त्याला काठी लागत नाही.

सासूला संशयाचा फायदा. तिने हात धरले नव्हते, आणि तिच्या बोलण्याला घरातल्यांशिवाय पुरावा नव्हता. खळीने ते पाहिलं. जबडा आवळला तिचा, एवढंच.

नवरा दोषी.

मी 'दोषी'ची खूण केली. खळी हलली नाही. तिने ती खूण परत करून दाखवायला सांगितली. मी परत केली. वडिलांनी दोन्ही हातांनी तोंड झाकलं.

शिक्षा सांगण्याआधी आरोपीला विचारावं लागतं, काही म्हणायचंय का. घड्याळ, खळीचा नवरा, उठला. वकील त्याच्या कानाशी काही कुजबुजत होते, त्याने त्यांना बाजूला केलं. तो न्यायाधीशांकडे बघेना, खळीकडे वळला. आवाज भरून आला होता. खोटा होता असं मी म्हणणार नाही.

"मी तुझ्यावर जीव टाकला," तो म्हणाला. "मला कळलं नाही गं. आईच्या पुढे माझं काही चाललं नाही. तू एकदा साहेबांना सांग..."

मी हात उचलले, पहिलं वाक्य सुरू केलं.

खळीने डोळे मिटले.

मला वाटलं, डोळ्यांत पाणी आलं असेल. थांबले. पाणी नव्हतं. ती ताठ उभी होती, मान सरळ, आणि डोळे मिटलेले. तो बोलत राहिला. माझे हात तिच्यासमोर हवेत होते.

"बाई, सांगताय ना त्यांना?" न्यायाधीशांनी विचारलं.

"सांगतेय, साहेब. त्या बघत नाहीयेत."

नवऱ्याने कठडा पकडला. "साहेब, तिला डोळे उघडायला सांगा. माझं ऐकून तरी घेऊ दे तिला!"

न्यायाधीश त्याच्याकडे बघत राहिले. मग त्यांनी अगदी हळू विचारलं, "कसं सांगणार?"

मी हात खाली घेतले.